दुसऱ्या हाताचा चुडा

तांडा, बोरी अरबजवळ
३ डिसेंबर १९५८

चि. खेमसिंग यास अनेक आशीर्वाद.

काल मंगळवारी सकाळी मी दमणीत दोन गोधड्या अंथरल्या, उशाला कडबा दाबून बसवला आणि उजाडता उजाडता बैल जुंपून बोरीच्या मोटार स्टँडवर जाऊन उभा राहिलो. यवतमाळची पहिली मोटार आली. तिच्यातून दोन मास्तर उतरले आणि एक कोंबड्यांची पाटी. दुसरीतून कुणीच उतरलं नाही. तिसरी दुपारी आली, तिच्यातही याडी नव्हती. तुझ्या पत्रात मंगळवार स्वच्छ अक्षरात लिहिलेला आहे. मी ते तीन वेळा काढून वाचलं. शेवटी हॉटेलवाला म्हणाला, "भाऊ, मानूस नाही आलं तं नाही आलं, बैलाले तं पानी दाखवा."

आपली आई आहे ती, खेमसिंग. कचेरीतला कागद नाही, की आज नाही सापडला तर उद्या पाठवू.

गोठ्यात पाय घसरून तिचा उजवा दंड मोडला त्या दिवशी तू योगायोगाने इथेच होतास. मी म्हणालो होतो, आपला हाड बसवणारा आहे. तू म्हणालास, दंडाचं हाड आहे, वय झालं आहे, धर्मादाय दवाखान्यात नेऊ, पंधरा दिवसांत आणून सोडतो. मी ऐकलं, कारण तू शिकलेला. आज चोवीस दिवस झाले. कापूस वेचणीला आला आहे, मला दोन दिवसही मोकळे नाहीत, आणि तू एक कार्ड टाकून मंगळवार सांगतोस आणि मंगळवार पाळत नाहीस.

बाने रिकामी दमणी पाहिली. ऐंशीचा माणूस, उठून स्वतः बैल सोडायला लागला. तुझ्या वहिनीने, मानीबाईने, ताट वाढलं तर म्हणाला, झाकून ठेव. तुला माहीत आहे, साठ वर्षांत त्या दोघांनी एकमेकांचं नाव घेतलेलं नाही आणि दोन गोड शब्द बोललेले मी ऐकले नाहीत. पण ती पाठीमागे बडबडत असल्याशिवाय त्याला घास उतरत नाही, हे मला या चोवीस दिवसांत कळलं.

एक सांग. तिथे तिच्याशी आपल्या बोलीत कोण बोलतं? तू बोलतोस, की नर्सबायांसमोर तूही मराठीच बोलतोस?

कळावे,
फुलसिंग

*

यवतमाळ
७ डिसेंबर १९५८

तीर्थस्वरूप भाया यांस साष्टांग नमस्कार.

आपले पत्र पोचले. आपण रागावलात ते योग्यच आहे. मंगळवारी याडीला पाठवता आले नाही, त्याचे कारण कार्डावर लिहिण्यासारखे नव्हते, म्हणून हे पाकीट.

हाताचे म्हणाल तर प्लास्टर नीट बसले आहे. हाड सांधते आहे असे डॉक्टर म्हणतात. पण भाया, तिची बुद्धी जागेवर राहिलेली नाही. गुंगीतून ती बाहेर आली त्या दिवसापासून तिने तोंड फिरवले आहे. कुणाशी बोलत नाही. अर्धी भाकर खाते, तीही मी भरवली तर. पहाटे डोक्यावरून पांघरूण घेऊन सूर लावून रडते, आपल्या बायका मयताला रडतात तशी. सारा वॉर्ड जागा होतो. पलीकडच्या खाटेवर आमच्या साहेबांच्या सासूबाई आहेत. त्यांनी दोनदा तक्रार केली. मला कचेरीत मान वर करता येत नाही.

एकदा तिने मला विचारले, "कधी?" मी म्हटले, कधी म्हणजे काय? तिने भिंतीकडे तोंड केले. मी रोज सांगतो की बा खुशाल आहे, तुझी वाट पाहतो आहे. हे ऐकले की ती माझ्या डोक्यावरून हात फिरवते आणि म्हणते, "बाळा, तू पोरका झाला." आता अशा माणसाला काय म्हणावे? डॉक्टर म्हणतात, हा म्हातारचळ आहे. वय झाले, हाड मोडले, जागा बदलली की डोके फिरते. असेच चालले तर नागपूरला वेड्यांच्या दवाखान्यात पाठवावे लागेल असे ते बोलले. मी अजून काही कबूल केलेले नाही.

वॉर्डात मथुराबाई म्हणून एक नर्स आहेत, बौद्ध समाजाच्या, स्वभावाने बऱ्या. त्या म्हणाल्या, घरची ओळखीची एखादी वस्तू जवळ असली की जुन्या माणसाला धीर येतो. तिच्या आवडीचे काही पाठवता आले तर पाहावे.

बाला यातले काही सांगू नये, ही विनंती. आणि तिच्याशी मी आपल्याच बोलीत बोलतो. हळू बोलतो, इतकेच.

आपला आज्ञाधारक,
खेमसिंग

*

तांडा
१० डिसेंबर १९५८

खेमसिंगास आशीर्वाद.

हळू बोलतोस. बरोबर आहे. साहेबांच्या सासूला ऐकू जायला नको.

तुझं पत्र मी ओट्यावर, संत सेवाभायाच्या निशाणाखाली बसून वाचलं आणि नंतर दिवा न लावताच उठलो. रागात दिवा लावू नये असं मी मानतो. आज तीन दिवस ओटा अंधारात आहे. त्याचं पाप कुणाच्या माथी, ते तूच ठरव.

म्हातारचळ म्हणे. आपल्या याडीला? वैशाखात तिने तांड्याचा नाईक हरिसिंग, त्याच्या नातीच्या लग्नात रात्रभर गाणी म्हटली, एक ओळ चुकली नाही. तांड्यात कोणाची गाय कधी व्याली, ते आजही तिला विचारतात. ती महिनाभरात खुळी होते आणि तुम्ही शहाणे राहता? जनावर बाजारात नेऊन अनोळखी दावणीला बांधलं तर तेही चार दिवस वैरण खात नाही. त्याला कोणी वेडं म्हणत नाही.

त्या नर्सबाईला माझा नमस्कार सांग. सगळ्या दवाखान्यात एकटीचंच डोकं चालतं असं दिसतं. तिच्या सांगण्याप्रमाणे वस्तू पाठवतो आहे. मानीबाई म्हणाली लुगडं पाठवा, कोणी म्हणालं हरभऱ्याची भाजी पाठवा. मी खुंटीवरून बाची लाल पागडी काढली. बाला सांगितलं, धुवायला टाकली. ती मुद्दामच धुतली नाही. चिलमीचा, बैलांचा, त्याच्या डोक्याचा, सगळा वास तिच्यात आहे. डोळे मिटून हुंगली तरी तिला घर कळेल. तांड्यातला उकंडा कापूस घेऊन यवतमाळला निघाला आहे, त्याच्या हाती देतो आहे. तो ती थेट तिच्या हातात ठेवील, मधे तू नको.

आणि मी सांगितलं म्हणून सांग, की ज्याची ही पागडी तो दारात बसून चिलीम ओढतो आहे. मोठ्याने सांग.

नागपूरचं नाव पुन्हा काढलंस तर तू माझा भाऊ नाहीस.

फुलसिंग

*

धर्मादाय दवाखाना, यवतमाळ
१६ डिसेंबर १९५८

रा. रा. फुलसिंगजी यांस मथुराबाईचा नमस्कार.

आपली माझी ओळख नाही. आपल्या मातोश्री रुपीबाई ज्या वॉर्डात आहेत तिथे मी नर्स आहे. आपला पत्ता उकंडा यांच्याकडून घेतला. हे पत्र मी डॉक्टरांना आणि आपल्या बंधूंना न विचारता लिहीत आहे, तेव्हा ते वाचून झाल्यावर काय करायचं ते आपण ठरवा. माझी नोकरी आहे, पण ती नंतरची गोष्ट.

पागडी पोचली त्या दिवसापासून आजींनी अन्न पूर्ण सोडलं आहे. कालपासून पाणीही घेत नाहीत, मी चमच्याने जबरदस्तीने घालते तेवढंच. पागडी हातात घेतल्यावर त्या एकदाही रडल्या नाहीत. आधी रोज रडायच्या, ते बरं होतं असं आता वाटतं. त्यांनी ती कपाळाला लावली, उशाशी ठेवली आणि डावा हात छातीवर ठेवून पडून राहिल्या. जणू एखादं काम संपलं.

मला कळेना. शेवटी मी बाजारात गेले. तिथे आपल्या समाजाच्या लालीबाई गवताच्या पेंढ्या विकतात. त्यांना वॉर्डात आणलं. लालीबाईंनी दारातूनच आजींचे हात पाहिले आणि पदर तोंडाला लावला. मला म्हणाल्या, "नवरा कधी मेला इचा?" मी म्हटलं, जिवंत आहे. तर म्हणाल्या, "मंग चुडा कोन उतरवला?"

तो मी उतरवला. खांद्यापासून कोपरापर्यंत दोन्ही हातांत पांढऱ्या बांगड्या होत्या. उजवा दंड सुजला होता, त्यावरच्या कापल्याशिवाय प्लास्टर घालता येत नव्हतं. आजी गुंगीत होत्या. आपले बंधू दाराशी उभे होते, त्यांच्याबरोबर त्यांचे साहेबही होते. मी विचारलं, हे कापलं तर आपल्यात काही मानतात का? बंधू म्हणाले, "काही नाही, जुना दागिना आहे, कापा." मी उजव्या हातावरचा कापला. करवत खाली ठेवत होते, तेवढ्यात ते म्हणाले, "एकाच हातात काय ठेवता, दुसऱ्याही हातातला काढून टाका, बरं दिसेल." मी काढला. डाव्या हाताला काहीच झालेलं नव्हतं.

लालीबाईंनी सांगितलं की आपल्यात नवरा गेल्याचं बाईला तोंडाने सांगत नाहीत. चार बायका येतात, चुडा उतरवतात, तेच सांगणं. म्हणजे आजींना आम्ही सांगून टाकलं. नंतर कोणी कितीही म्हटलं की ते खुशाल आहेत, तर ती त्यांना आमची दया वाटते. आणि पागडी आली. ती कोणाच्या डोक्यावरून उतरली म्हणजे काय, हे आपल्याला मी सांगायला नको. घरची वस्तू मागवण्याचा सल्ला माझाच होता. त्याचं मला फार लागलं आहे.

आमच्या घरी दोन वर्षांपूर्वी देव उतरवले. माझ्या आईने ते स्वतःच्या हाताने पाटीत भरले, नदीवर नेले आणि सोडले. परत येताना ती ताठ चालत होती. तेच देव ती झोपेत असताना कोणी उचलून नेले असते, तर तिने जीव दिला असता. उतरवणं एकच, पण कोणाच्या हाताने, यात सगळं आहे. हे मला करवत हातात असताना सुचायला हवं होतं.

डॉक्टरांनी नागपूरचा कागद तयार केला आहे. आपल्या बंधूंनी त्यावर सही केली. सोमवारी, २२ तारखेला गाडी निघेल. डॉक्टरांना मी चुड्याचं सांगितलं, ते म्हणाले, बाई, पोथ्या वाचत जाऊ नका. इलाज माझ्याकडे नाही, तुमच्याकडे आहे. यजमानांना घेऊन या. सकाळी पुरुषांना वॉर्डात सोडत नाहीत, पण मागच्या बाजूला धुणं नेण्याचं दार आहे आणि शनिवारी सकाळी माझी पाळी आहे.

चुड्याचे तुकडे मी फेकले नाहीत. फडक्यात बांधून माझ्या पेटीत ठेवले आहेत.

आपली,
मथुराबाई

*

तांडा
१८ डिसेंबर १९५८

खेमसिंग,

आशीर्वाद लिहीत नाही.

उजवा हात मोडला होता. डाव्या हाताने तुझं काय केलं होतं? तिने त्याच हातावर तुला निजवलं म्हणून तो असा नागवा केलास? साहेब उभा होता, म्हणून. साहेबाला लमाणीण दिसू नये, एखादी कुणबी म्हातारी दिसावी, म्हणून. त्या परक्या बाईला विचारावंसं वाटलं आणि तुझ्या तोंडून निघालं, जुना दागिना. बा जिवंत असताना तू त्याची तिरडी बांधलीस आणि रोज तिला सांगत राहिलास की तो खुशाल आहे. तिने विचारलं, कधी. अरे, ती मरणाची तिथी विचारत होती. तुला तेही कळलं नाही, की कळलं आणि चूप बसलास?

सही केलीस. ज्या हाताने सही केलीस तो हात मला दाखवू नकोस.

बाला सांगावंच लागलं. तो दोरी वळत होता. सगळं ऐकलं. मग म्हणाला, "तिले कोनी सांगतलं नाही का, मी जित्ता हाओ?" मी म्हटलं, रोज सांगतात. म्हणाला, "सांगून कायले पटीन? असं तं आपन बी सांगतो, मानूस मेल्यावर." दोरी गुंडाळली, खुंटीला लावली आणि म्हणाला, "जुप." मी म्हटलं, उद्या पहाटे निघू, मोटारीने लवकर पोचू. तर म्हणाला, मोटारीत तो आजवर बसला नाही आणि बायको आणायला बसणार नाही. तेव्हा दमणीनेच येतो. शुक्रवारी रात्री धर्मशाळेत उतरू. शनिवारी सकाळी दवाखान्याच्या फाटकावर तो कागद घेऊन उभा राहा आणि माझ्यासमोर फाड.

तांड्यात हरिसिंग नाईकाला मी तू काय केलंस ते सांगितलं आहे.

फुलसिंग

*

यवतमाळ
३० डिसेंबर १९५८

तीर्थस्वरूप भाया यांस नमस्कार.

दहा दिवस वाट पाहून लिहितो आहे. कागद मी फाडला, आपण पाहिलेत. त्यानंतर आपण शिपायासमोर माझ्या थोबाडीत मारली, तीही मी घेतली. आत मात्र आपण मला येऊ दिले नाही. मी फाटकाबाहेर कडुनिंबाखाली उभा होतो. तासाभराने दमणी बाहेर आली. याडी आत गोधडीवर बसली होती. बा शेजारी होता, त्याच्या डोक्यावर पागडी होती. तिने माझ्याकडे पाहिले, हात उचलला, आणि आपण बैलांना हाक दिली. आत काय झाले ते मला अजून कोणी सांगितलेले नाही. मथुराबाईंना विचारले तर म्हणाल्या, भावाला विचारा.

उकंडा बाजारात भेटला. माझ्या हातचा चहा त्याने घेतला नाही. तेव्हा कळले की नाईकाने तांड्यात माझे पाणी बंद केले आहे. जिवंत बापाचे मरण करणारा, असे माझे नाव पडले आहे.

मी नाकारत नाही. मी 'कापा' म्हणालो, दुसऱ्याही हाताचे मीच म्हणालो. आपण लिहिलेत तसेच, साहेब उभे होते. भाया, आपण चौथीपर्यंत तांड्याजवळच शिकलात. मी बोर्डिंगात राहिलो. तिथे याडी मला भेटायला आली की पोरे तिच्या बांगड्या वाजवल्यासारखे करून माझ्यामागे धावत. मी दहा वर्षांचा असताना तिला सांगितले होते, तू येत जाऊ नकोस. ती नंतर आली नाही. भाकरी दुसऱ्याच्या हाती पाठवायची. त्या दिवशी साहेब म्हणाले, "खेमसिंग, तुमच्यात हे अजून चालतं का?" आणि मी पुन्हा दहा वर्षांचा झालो. ही सफाई नाही. झाले ते असे झाले, एवढेच.

पण एक गोष्ट विचारतो. चुडा उतरल्यावरही ती अर्धी भाकर खात होती. पागडी आल्यावर तिने पाणी सोडले. पागडी कोणी पाठवली, हे आपण नाईकाला सांगितलेत का?

आपला,
खेमसिंग

*

तांडा
१३ जानेवारी १९५९

चि. खेमसिंग यास अनेक आशीर्वाद.

तुझ्या पत्राला मी चौदा दिवस उत्तर दिलं नाही. पहिल्या दिवशी ते वाचून मी इतका संतापलो की चुलीत टाकणार होतो. तू तुझ्या पापात मला वाटेकरी करतोस, असं वाटलं. मग संताप उतरेना, तेव्हा मला समजलं की तो तुझ्यावरचा नाही.

आधी तुला दवाखान्यातलं सांगतो. ते ऐकण्याचा तुझा हक्क मी त्या दिवशी फाटकावर अडवला होता.

मथुराबाईंनी आम्हाला धुण्याच्या दाराने नेलं. बाच्या डोक्याला नुसतं फडकं होतं, थंडीने नाक वाहत होतं. याडी भिंतीकडे तोंड करून पडली होती. इतकीशी झाली होती, खेमसिंग. मी हाक मारणार होतो, तर त्या बाईने माझा दंड धरला आणि बाला पुढे केलं. बा खाटेजवळ उभा राहिला. आपला बा, त्याला काय बोलता येणार. शेवटी आपल्या बोलीत, नेहमीच्या खेकसण्याने म्हणाला, "माही पागडी घेऊन इथं काहून निजली? डोक्सं गारठून राह्यलं माहं."

याडी हलली नाही. मला वाटलं, उशीर झाला. मग तिने तोंड न फिरवता डावा हात मागे केला. बाने वाकून डोकं तिच्या हाताखाली दिलं. तिने टक्कल चाचपलं, कान चाचपला, लहानपणी बैलाने फाडलेला तो कान. मग वळली. त्याच्याकडे पाहून म्हणाली, "मेला तवा बलावलं नाही मले. आता कायले आला?" बा म्हणाला, "मी मेलोच नाही वं, मले कोनी सांगतलंच नाही मरायले."

पलीकडच्या खाटेवरच्या साहेबाच्या सासूबाई बोली कळत नसूनही तोंडाला पदर लावून हसल्या. याडीने पाणी मागितलं. मथुराबाईंनी चमच्याने पाजलं. मग याडीने एका हाताने पागडी उशाखालून काढली आणि बाच्या डोक्यावर बांधायला लागली. एका हाताने बांधता येईना, तर दुसरं टोक त्या नर्सबाईने धरलं. मी तिथे उभा होतो आणि मला कोणी काही करायला सांगितलं नाही. डॉक्टर आले, पाहिलं, आणि नाव काढून टाका म्हणून निघून गेले.

घरी आल्यावर ती खायला लागली. बडबडायला लागली. मथुराबाईंनी दिलेलं चुड्याच्या तुकड्यांचं फडकं तिने पेटीत ठेवलं आणि उघड्या हातांवर पदर घेऊन बसू लागली. मला वाटलं, झालं, संपलं. नाईकाने तुझं पाणी बंद केलं तेव्हा मी मान हलवली. मीही चूप बसलो.

पण ती रोज विचारायची, खेमा काहून येत नाही? मी सांगायचो, कामात आहे. मानीबाई सांगायची, साहेबाबरोबर दौऱ्यावर गेला. संक्रांतीला येईल म्हणून सांगितलं. परवा मानीबाईने ताट नेलं तर तिने भिंतीकडे तोंड केलं. काल पहाटे तिने डोक्यावरून पांघरूण घेतलं आणि सूर लावला. मी धावत गेलो. ती मला म्हणाली, "कधी?"

तुला सांगतो, दवाखान्यात झालं नव्हतं तेवढं मला तिथे झालं. तोच शब्द, आता तुझ्या मरणाची तिथी विचारणारा. आम्ही तिला दुसऱ्यांदा तसंच मारत होतो, आणि या वेळी साहेब नव्हता, डॉक्टर नव्हता, फक्त मी होतो. तू दहा वर्षांचा होऊन बोललास. मी पन्नाशीला आलेला, रोज ओट्यावर दिवा लावणारा, सगळं जाणून चूप होतो, कारण तांडा तुला नावं ठेवत होता आणि माझ्याकडे आदराने पाहत होता.

आज सकाळी आंघोळ केली आणि दिव्याला हात न लावता आधी नाईकाकडे गेलो. पंच शेकोटीला बसलेच होते. मी सांगितलं की याडीने पाणी सोडलं ते माझ्यामुळे. पागडी खुंटीवरून मी काढली, बाशी खोटं बोललो आणि उकंडाच्या हाती दिली. उकंडा म्हणाला, "हो, मीच नेली." नाईकाने विचारलं, "मंग महिनाभर चूप काहून होता?" मी म्हटलं, "रागात होतो. रागात मानसाले दुसऱ्याचंच दिसते." पुढे म्हटलं, पाणी बंद ठेवायचं तर दोघा भावांचं ठेवा, नाहीतर दोघांचं उघडा. नाईक विचार करून सांगतो म्हणाला. मी त्याच्या रांजणातला तांब्या उचलला, त्याच्या देखत पाणी प्यालो आणि निघून आलो. विचार त्याने खुशाल करावा.

मग घरी येऊन याडीजवळ बसलो. काही न लपवता सगळं सांगितलं. आपल्या बोलीत, मोठ्याने. करवत कोणाच्या हातात होती, कापा कोण म्हणालं, साहेब काय म्हणाला, तू बोर्डिंगात तिला काय म्हणाला होतास ते, पागडी कोणी पाठवली, थोबाडीत कोणी मारली, पाणी कोणी बंद केलं. बा दारात बसून ऐकत होता. याडी ऐकता ऐकता उठून बसली आणि तिचा चेहरा लाल झाला. गेल्या दोन महिन्यांत मी तिला रागावलेलं पाहिलं नव्हतं. तिने आधी मला धरलं. माझ्या सात पिढ्या काढल्या, त्या तिच्याही आहेत हे विसरून. मग नाईकाला, मग डॉक्टरला. नर्सबाईला सोडलं, म्हणाली, तिने विचारलं तरी. तुझ्या वाट्याच्या शिव्या देता देता मधेच थांबली आणि मानीबाईला म्हणाली, "भाकर आन. उपाशी पोटी हे होत नाही माह्यानं."

दीड भाकर खाल्ली. मग शांतपणे म्हणाली, "उजव्या हाताचं मी नाही म्हनत. तो मोडलाच होता. त्याले सांग, डाव्या हाताचा चुडा त्यानंच आनावा. आन् घालून देताना तोंडानं सांगावं मले, कायले काढला."

नवा चुडा घालायचा की नाही यावर नाईकाच्या बायकोचं काही म्हणणं आहे, एकदा उतरलेला चुडा पुन्हा चढत नाही म्हणे. याडी म्हणते, नवरा माझा आहे, तिचा नाही.

तर हा तिचा निरोप. यात मी माझं काही घातलेलं नाही. नाईकाला सांगून आलो, याडीला सांगितलं, आता तुलाही लिहिलं. ओट्यावर आत्ताच दिवा लावून आलो आहे.

तुझा भाऊ,
फुलसिंग